इम्प्रेशनिझमचा जिना: आधुनिक कलेची गोष्ट पुस्तकांनी कशी बांधली

मागच्या व्याख्यानात आपण मोने आणि रन्वार यांची चित्रं पाहिली. त्यानंतर तुमच्याकडून जे प्रश्न आले त्यांत एक प्रश्न वेगवेगळ्या शब्दांत बऱ्याच जणांनी विचारला होता: इम्प्रेशनिझम नीट समजून घ्यायचा असेल तर कोणतं पुस्तक वाचावं? एका नावात उत्तर देऊन मोकळं होता आलं असतं. पण आम्हाला वाटतं, या विषयात पुस्तकं हीच एक मोठी घटना आहे. चित्रं १८७० च्या दशकात रंगवली गेली, आणि त्यांची 'गोष्ट' पुढची शंभर वर्षं पुस्तकांनी रचली. म्हणून आजचं व्याख्यान त्या पुस्तकांवर.

आधी शब्दाबद्दल. मराठीत इम्प्रेशनिझमला 'दृक्प्रत्ययवाद' म्हणतात, विश्वकोशातही हाच शब्द आहे. शब्द सुरेख आहे, पण तो नुसतं नाव देऊन थांबत नाही, अर्थही लावून टाकतो. दृक् म्हणजे डोळा, प्रत्यय म्हणजे अनुभव. हे चित्रकार फक्त डोळ्याला दिसलेलं रंगवत होते, असं तो शब्द आधीच सांगून बसतो. हे खरं किती, यावरच तर पुस्तकांमध्ये भांडण आहे. तेव्हा आज आम्ही 'इम्प्रेशनिझम' असंच म्हणू.

आपल्या सगळ्यांना तोंडपाठ असलेली गोष्ट काय आहे? १५ एप्रिल १८७४. पॅरिसमध्ये बुलवार दे काप्युसीन या रस्त्यावर, छायाचित्रकार नादार याच्या जुन्या स्टुडिओत काही चित्रकारांनी स्वतःचं प्रदर्शन भरवलं. सरकारी 'सालों' प्रदर्शनाच्या परीक्षकांना ते कंटाळले होते. दहा दिवसांनी लुई लेरवा या पत्रकाराने 'शारिव्हारी' या विनोदी पत्रात मोनेच्या 'इम्प्रेशन, सूर्योदय' या चित्रावरून सगळ्यांची टर उडवली आणि नाव चिकटलं. पुढे सरानं त्यात शास्त्र आणलं, सेझाननं भक्कमपणा आणला, व्हॅन गॉगनं भावना आणि गोगँनं सपाट रंग. मग मातीस, मग पिकासो, आणि शेवटी चित्रातून वस्तूच नाहीशी होऊन अमूर्त कला. जिन्याच्या पायऱ्यांसारखी गोष्ट. एक पायरी चढलं की पुढची येणारच.

आता गंमत बघा. १८७४ च्या त्या प्रदर्शनाच्या कॅटलॉगमध्ये १६५ नोंदी आणि तीसेक कलाकार आहेत. त्यातली आज आपल्याला आठवणारी नावं जेमतेम सात-आठ. बाकीच्यांत शिल्पकार होते, नक्षीकाम करणारे मुद्राचित्रकार होते, आणि ज्यांची चित्रं सालोंमध्येही सहज खपली असती असे लोक होते. गटाचं अधिकृत नाव तर एखाद्या सहकारी सोसायटीसारखं रुक्ष होतं, 'चित्रकार, शिल्पकार, मुद्राचित्रकार इत्यादींची कंपनी' अशा अर्थाचं. त्या 'इत्यादी'वर आमचा फार जीव आहे. समीक्षा सगळ्याच वाईट आल्या असंही नाही. कास्तान्यारी या समीक्षकाने त्याच एप्रिलमध्ये 'इम्प्रेशनिस्ट' हा शब्द गंभीरपणे, जवळजवळ कौतुकानं वापरला. हे लोक निसर्गदृश्यापेक्षा त्याने मनावर उमटणारी संवेदना रंगवतात, असं त्याचं म्हणणं. पण पुस्तकांना लेरवा आवडला. नायकांची आधी थट्टा झालेली असली की पुढचा विजय रंगतो.

मग जिना बांधला कुणी?

पहिली दोन छोटी पुस्तकं चित्रं अजून ओली असतानाच आली म्हणायला हरकत नाही. १८७६ मध्ये एदमाँ द्युराँती या लेखकाने 'नवी चित्रकला' नावाची पुस्तिका काढली. हा देगाचा मित्र. त्याने 'इम्प्रेशनिस्ट' हा शब्द टाळला आणि चित्रकारांची नावंही घेतली नाहीत. त्याचा भर होता आजच्या माणसावर: माणूस घरात, रस्त्यावर, कामावर कसा दिसतो, पाठमोऱ्या आकृतीवरूनसुद्धा त्याचं वय, धंदा, परिस्थिती कशी ओळखू येते. प्रकाश आणि रंग यांच्याबद्दल तो बोलतो, पण त्याचं मन शहरात आहे.

दोन वर्षांनी, १८७८ मध्ये, थिओदोर द्युरेची पुस्तिका आली. हा माणूस मजेशीर. नुकताच आशियाभर फिरून आला होता आणि जपान, चीनपासून आपल्या हिंदुस्थानापर्यंतच्या प्रवासावर १८७४ मध्येच त्याचं पुस्तक निघालं होतं. त्यामुळे या चित्रकारांचे उघडे, भडक रंग पाहिल्यावर त्याला जपानी चित्रांचे अल्बम आठवले, आणि तसं त्याने लिहिलं. त्याने इम्प्रेशनिस्ट म्हणून पाच जण निवडले: मोने, सिस्ले, पिसारो, रन्वार आणि बेर्त मोरिसो. देगा नाही. सेझान नाही.

आता याच द्युरेचं १९०६ चं मोठं पुस्तक उघडा. यादीत सेझान आला आहे, त्याच्याबरोबर गियोमँही. देगा अजूनही बाहेरच. मधल्या अठ्ठावीस वर्षांत १८७४ चं प्रदर्शन काही बदललं नव्हतं. सेझान तेव्हाही त्यात होताच. बदललं होतं ते सेझानचं वजन. तरुण चित्रकार त्याच्याकडे गुरू म्हणून पाहू लागले होते, त्यामुळे त्याला मागे जाऊन इतिहासात बसवणं भाग पडलं. इतिहास असा उलट्या दिशेने लिहिला जातो. इतकं उघड उदाहरण आम्हाला तरी दुसरं सापडलेलं नाही.

या काळात आणखी पायऱ्या बसल्या. १८९९ मध्ये पोल सिन्याकनं दलाक्र्वापासून नव-इम्प्रेशनिझमपर्यंतचा मार्ग सांगणारं पुस्तक लिहिलं. त्यात दलाक्र्वा पहिली पायरी, इम्प्रेशनिस्ट दुसरी, आणि सगळ्यात वर कोण? सिन्याक आणि त्याचा मित्र सरा. १९०४ मध्ये युलियुस मायर-ग्राफे या जर्मन लेखकाने तीन खंडांचा ग्रंथ काढला, त्याच्या शीर्षकातच आधुनिक कलेचा 'विकास' आहे. १९१० मध्ये रॉजर फ्रायनं लंडनला प्रदर्शन भरवलं आणि 'पोस्ट-इम्प्रेशनिस्ट' हे नाव रूढ केलं. या नावाचा अर्थ फक्त 'नंतरचे' एवढाच होतो. पण नाव मिळालं की पायरी पक्की.

जिन्याचा नकाशा छापला गेला १९३६ मध्ये. न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टचे संचालक आल्फ्रेड बार यांनी 'क्यूबिझम अँड अॅब्स्ट्रॅक्ट आर्ट' या कॅटलॉगच्या वेष्टनावर एक तक्ता दिला. वर १८९० साल, तिथे सेझान, व्हॅन गॉग, गोगँ. मग बाण खाली खाली येत १९३५ ला दोनच प्रवाहांत मिळतात, भौमितिक अमूर्त कला आणि अभौमितिक अमूर्त कला. रेल्वेचं वेळापत्रक वाटावं असा तक्ता. त्यात माणसं नाहीत, युद्ध नाही, पैसा नाही. एक शैली दुसरीला जन्म देते, बस.

याच म्युझियमने १९४६ मध्ये जॉन रेवाल्ड यांचं 'द हिस्टरी ऑफ इम्प्रेशनिझम' प्रसिद्ध केलं. आता, आम्ही रेवाल्डवर टीका करणार असं तुम्हाला वाटत असेल तर थांबा. एकच पुस्तक वाचायचं असेल तर आजही ते हेच. बर्लिनमध्ये जन्मलेला, पॅरिसमध्ये शिकलेला, १९४१ मध्ये अमेरिकेत पोचलेला हा माणूस. पिसारोनं आपल्या मुलाला, ल्युसियाँला लिहिलेली पत्रं त्याने आधी संपादित केली होती. त्याची प्रकरणं वर्षावार आहेत. १८६९ च्या उन्हाळ्यात कोण कुठे होतं, कुणाकडे रंगांना पैसे नव्हते, कुणी कुणाला काय लिहिलं, हे तो पुराव्यानिशी सांगतो. लेरवाचा तो सगळा लेखही त्यात वाचायला मिळतो. पुढे त्याच्या चार आवृत्त्या झाल्या, शेवटची १९७३ ची, दर वेळी नवी माहिती घालून.

मात्र रेवाल्ड काय विचारत नाही तेही पाहावं लागतं. त्याचं पुस्तक १८८६ च्या आठव्या, शेवटच्या प्रदर्शनापाशी संपतं आणि त्याचं पुढचं पुस्तक, 'पोस्ट-इम्प्रेशनिझम', तिथूनच सुरू होतं. म्हणजे जिना आहेच, फक्त पायऱ्यांवर आता खरी माणसं वावरतात. आणि ही माणसं जे रंगवत होती, त्या पॅरिसला काय झालं होतं, हे मागे राहतं.

आपण एक चित्र घेऊ. मोनेचा आर्जांतयचा रेल्वे पूल, साधारण १८७३-७४ मधला. आर्जांतय हे पॅरिसजवळ सेन नदीवरचं गाव. मोने तिथे १८७१ ते १८७८ राहिला. चित्रात उंच पांढरट गोल खांबांवर पूल, वर धूर सोडत चाललेली गाडी, खाली निळं पाणी, पाण्यावर शिडाची होडी.

रेवाल्ड हातात घेऊन हे चित्र पाहिलं तर कळतं की १८७४ च्या उन्हाळ्यात रन्वार इथे यायचा, माने नदीपलीकडे राहत होता, त्याने मोनेला होडीत बसून रंगवताना रंगवलं. मैत्रीचा उन्हाळा.

क्लेमेंट ग्रीनबर्ग हा अमेरिकन समीक्षक १९६० च्या सुमारास 'मॉडर्निस्ट पेंटिंग' या निबंधात जे मांडतो ते घेऊन पाहिलं, तर पूल, गाडी सगळं गौण. पाण्यावरचे आडवे फटकारे सरळ सांगतात की हा रंग आहे, हा कॅनव्हास आहे, आणि तो सपाट आहे. बारच्या तक्त्याला मिळालेलं हे तत्त्वज्ञान म्हणा.

पॉल टकर यांनी १९८२ मध्ये आर्जांतयमधल्या मोनेवर पुस्तक लिहिलं. ते साधा प्रश्न विचारतात: हा पूल इतका नवा कोरा का दिसतो? कारण तो नवाच होता. १८७०-७१ च्या प्रशियाबरोबरच्या युद्धात आर्जांतयचे पूल उद्ध्वस्त झाले होते. फ्रान्स हरला, पाठोपाठ पॅरिसमध्ये कम्यूनचा उठाव आणि त्याचा रक्तपात झाला. आणि दोन-तीन वर्षांत मोने पुन्हा उभा राहिलेला पूल रंगवतोय, वरून गाडी वेळेवर चालली आहे. डोळ्याला दिसलेला क्षण तर आहेच, पण तो हरलेल्या देशानं सावरण्याचाही क्षण आहे. 'दृक्प्रत्यय' हा शब्द इथे अपुरा पडतो, पडतो ना?

टी. जे. क्लार्क यांचं 'द पेंटिंग ऑफ मॉडर्न लाइफ' १९८५ चं. ते अवघड आहे, वाक्यं लांबलचक, पण सोडू नका. क्लार्क विचारतात की आर्जांतयमध्ये कारखानेही होते, मग चित्रांत ते कुठे जातात? कधी दूरवरच्या एखाद्या चिमणीएवढे उरतात, कधी अजिबात नसतात. शहरातून रविवारी येणारे मध्यमवर्गीय आणि धूर ओकणारा उद्योग, दोन्ही एकाच काठावर. चित्रकार त्यांचा मेळ घालायला बघतो आणि तो मेळ पुरता बसत नाही. या विचाराचं बीज मायर शपिरो यांच्या १९३७ च्या एका निबंधात आहे. बारच्या तक्त्याला त्यांनी वर्षभरात उत्तर दिलं होतं: सहली, होडीतली सैर, कॅफे हे इम्प्रेशनिस्टांचे विषय निष्पाप नाहीत, एका विशिष्ट वर्गाची मोकळीक त्यात आहे. हेच सगळं सोप्या, प्रसन्न भाषेत हवं असेल तर रॉबर्ट हर्बर्ट यांचं १९८८ चं पुस्तक घ्या. क्लार्कच्या आधी हर्बर्ट वाचावं, असं आमचं स्पष्ट मत आहे.

पैशाची बाजू हॅरिसन व्हाइट आणि सिंथिया व्हाइट या समाजशास्त्रज्ञ दांपत्यानं १९६५ मध्येच मांडली होती, 'कॅनव्हासेस अँड करिअर्स'मध्ये. १८६३ च्या सालोंसाठी सुमारे पाच हजार कलाकृती आल्या आणि निम्म्याहून जास्त नाकारल्या गेल्या. व्हाइट दांपत्याचं म्हणणं, इथे नुसती परीक्षकांची आडमुठी वृत्ती बघू नका. इतके चित्रकार पोसण्याची त्या व्यवस्थेची ताकदच संपली होती. तिची जागा द्युराँ-रुएलसारख्या चित्रविक्रेत्यांनी आणि समीक्षकांनी घेतली. हे वाचल्यावर द्युरे, द्युराँती यांच्या पुस्तिका वेगळ्याच दिसू लागतात. ती पुस्तकं इतिहासाइतकीच बाजारपेठही घडवत होती.

आता बेर्त मोरिसोकडे येऊ, कारण पुस्तकांमुळे खरं नुकसान कुणाचं झालं हे इथे दिसतं. १८७४ च्या प्रदर्शनात तिचं 'पाळणा' हे चित्र होतं. आठपैकी सात प्रदर्शनांत ती होती. मोने फक्त पाचांत. द्युरेच्या पाचांतही ती होती. तरी विसाव्या शतकातल्या पुस्तकांत तिच्या वाट्याला बऱ्याचदा एखादा परिच्छेद, 'नाजूक', 'स्त्रीसुलभ' ही विशेषणं, आणि मानेची भावजय ही ओळख. कारण जिन्यावर तिच्यापासून पुढे कुठली पायरी निघत नाही.

ग्रिसेल्डा पोलॉक यांनी १९८८ च्या 'व्हिजन अँड डिफरन्स' या पुस्तकात एक साधी गोष्ट केली. कुणी कुठल्या जागा रंगवल्या याची यादीच मांडली. माने, देगा यांच्याकडे कॅफे, नाटकगृहाची मागची बाजू, वेश्यागृह. मोरिसो आणि मेरी कसाट यांच्याकडे दिवाणखाना, झोपायची खोली, बाग, गच्ची. मोरिसोच्या चित्रात पॅरिस दिसतं, पण बहुतेकदा कठड्याच्या पलीकडे. तिच्या वर्गातली बाई एकटी कॅफेत जाऊन बसू शकत नव्हती. म्हणजे 'आधुनिक जीवनाचं चित्र' अशी व्याख्या केली आणि आधुनिक जीवन म्हणजे कॅफे ठरवलं, की ती आपोआप बाहेर.

'पाळणा' पुन्हा पाहा. पाळण्याच्या जाळीशी हात धरून बसलेली बाई म्हणजे बेर्तची बहीण, एदमा. एदमाही चित्रकार होती, दोघी एकत्र शिकल्या, कोरोकडेही शिकल्या. १८६९ मध्ये लग्न झालं आणि एदमाचं रंगवणं थांबलं. एका चित्रकार बहिणीनं दुसऱ्या, थांबलेल्या चित्रकार बहिणीचं केलेलं हे चित्र. रंग किती मोकळे लावलेत एवढंच सांगणाऱ्या पुस्तकात हे येत नाही, आणि ते कळल्यावर चित्र पहिल्यासारखं राहत नाही.

बरं, नुसता समाज समाज करूनही चालणार नाही. रंग कसे लागले हे सांगणारी पुस्तकं आम्हाला व्यक्तिशः फार आवडतात. लंडनच्या नॅशनल गॅलरीनं १९९० मध्ये आपल्या चित्रांची प्रयोगशाळेत केलेली तपासणी प्रसिद्ध केली. मोनेच्या १८७० च्या त्रुव्हिलच्या समुद्रकिनाऱ्याच्या चित्रात रंगात वाळूचे कण अडकलेले सापडले आहेत, म्हणजे हे चित्र खरोखर किनाऱ्यावर रंगवलं. त्याच वेळी इतर चित्रांत थरांवर थर दिसतात. खालचा वाळल्यावर वरचा दिलेला, म्हणजे अनेक बैठका. 'एका क्षणात टिपलं' ही दंतकथा सूक्ष्मदर्शकाखाली टिकत नाही. अँथिया कॅलन यांची पुस्तकंही याच वाटेची: धातूच्या नळ्यांतले तयार रंग, चपटे कुंचले, फिक्या रंगाचं अस्तर. हातात ब्रश धरणाऱ्यांनी इथून सुरुवात करावी.

आता तुम्ही विचाराल, हा पॅरिसचा जिना सरळ असो की वाकडा, आपल्याला काय? तर आपल्या चित्रकारांपर्यंत तो पुस्तकांतूनच आला. १९३० च्या दशकाच्या शेवटी ऑस्ट्रियन चित्रकार वॉल्टर लँगहॅमर मुंबईत आले, टाइम्स ऑफ इंडियाचे कला-संचालक झाले. त्यांच्या घरी तरुण चित्रकार जमत आणि युरोपियन चित्रांच्या छापील प्रतिकृती पाहत. रझा त्यांतलेच. १९४८ मध्ये काश्मीरमध्ये कार्तिए-ब्रेसाँनं रझांना सेझानचा अभ्यास करायला सांगितलं, आणि १९५० मध्ये रझा फ्रान्सला गेले. ज्या क्रमानं पॅरिसमध्ये पन्नास-साठ वर्षं गेली, ते सगळं इथे एकाच टेबलावर, एकाच संध्याकाळी उघडलेलं असणार.

जिन्याची गोष्ट खरी मानली तर हे चित्रकार कायम खालच्या पायरीवर, उशिरा आलेले. पार्थ मित्तर यांनी 'द ट्रायम्फ ऑफ मॉडर्निझम' या २००७ च्या पुस्तकात यावर बोट ठेवलंय. पिकासोनं आफ्रिकन मुखवट्यांकडून घेतलं तर ती प्रतिभा, आणि गगनेंद्रनाथ टागोरांनी क्यूबिझमकडून घेतलं तर ती नक्कल. असा निवाडा देणारा समीक्षक चित्र पाहत नाही, तक्ता पाहतो. बारचा तक्ता आणि मित्तरांची प्रस्तावना एका बैठकीत वाचून बघा.

मराठीतून सुरुवात करायची असेल तर माधुरी पुरंदरे यांचं 'पिकासो' आहेच. व्हॅन गॉगकडे आपल्यातले पुष्कळ जण 'लस्ट फॉर लाइफ'मधून आले. ते वाचाच, फक्त ती कादंबरी आहे हे विसरू नका. इंग्रजीत हर्बर्ट, मग रेवाल्ड, मग पोलॉकचा तो एक निबंध, असा आमचा क्रम. बार यांचा १९३६ चा कॅटलॉग म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टच्या संकेतस्थळावर फुकट वाचता येतो.

पुढच्या वेळी सेझान. येण्याआधी गुस्ताव कायबॉतचं 'पॅरिसचा रस्ता, पावसाळी दिवस' हे १८७७ चं चित्र मोठ्या आकारात शोधून बघा. हे चित्र शिकागोच्या संग्रहालयानं १९६४ मध्ये घेतलं, तोवर कायबॉत पुस्तकांत मुख्यतः मित्रांची चित्रं विकत घेणारा श्रीमंत माणूस म्हणूनच भेटायचा. त्यातले फरशीचे दगड आणि छत्र्या पाहून ठेवा, प्रश्न लिहून आणा, तिथून सुरुवात करू.